कोलशेतच्या खाडीवर ठाकुर्लीचं फाटक

बत्तीस वर्षं मी मेलेल्या माणसांचे कागद लावत होते. तरीही माझी झोप, भूक आणि जीभ तिन्ही शाबूत आहेत. हे आधीच सांगून टाकते, कारण दिवाळीच्या फराळासोबत असला विषय कोण वाचणार, अशी शंका माझ्या नवऱ्याने घेतलेली आहे. त्याला म्हटलं, चकली मोडता मोडता वाचतील, मी काही कुणाला रडवणार नाही. निदान शेवटापर्यंत तरी नाही.

मी फौजदारी कोर्टात बेंच क्लार्क होते, आधी कल्याणला आणि नंतर ठाण्याला. न्यायाधीशांच्या उंच टेबलाखाली एक बुटकं टेबल असतं. त्यावर फायलींचा डोंगर असतो आणि डोंगरामागे चष्मा असतो. तो चष्मा म्हणजे मी. फाईल वेळेवर वर सरकवायची, आदेश झाला की तारीख लिहायची आणि तोंड मिटून बसायचं, एवढंच काम. यातलं शेवटचं मला कधीच नीट जमलं नाही.

बाहेरच्या लोकांना वाटतं, पोलिसांनी ‘यात काही नाही’ म्हटलं की प्रकरण संपलं. तसं नसतं. मृत्यूबद्दल संशय येऊन फिर्याद झाली असेल, तर तपास बंद करायलाही पोलिसांना न्यायाधीशांची संमती लागते. त्या कागदाला समरी म्हणतात. ‘अ’ समरी म्हणजे गुन्हा खरा, पण करणारा सापडत नाही. ‘ब’ म्हणजे फिर्यादच खोटी. ‘क’ म्हणजे खोटी नव्हे, पण गैरसमजातून झालेली. मग कोर्ट फिर्यादीला बोलावून विचारतं, बाबा रे, तुझं काय म्हणणं? आणि नंतर समरी मंजूर तरी होते, नाहीतर ‘पुन्हा नीट तपास करा’ म्हणून परत जाते.

आता हे विचारणं म्हणजे नुसता उपचार, असं नव्यानव्याने मलाही वाटायचं. पण कल्याणला माझ्या दुसऱ्याच वर्षी एका समरीत मयत स्वतः हजर झाला. बेपत्ता माणूस, त्याच्याच मापाचा एक अनोळखी मृतदेह आणि ओळख पटवायला गेलेला घाबरट मेहुणा, असा तो घोळ होता. बायकोच्या नावाने नोटीस गेली, ती नेमकी यानेच दारात उभं राहून घेतली. गडी सुरतेत साडीच्या दुकानात कामाला लागला होता आणि होळीला घरी आला होता. कोर्टात येऊन म्हणाला, “साहेब, माझं तेरावंपण झालेलं. पंगतीला वाढलं तेपण मीच आणलेल्या टोपातनं म्हणे.” आमचा शिपाई पुढचा महिनाभर कुणी नाव पुकारल्यावर ‘हजर’ म्हटलं की आधी त्याचे पाय बघायचा. तेव्हापासून मी कानाला खडा लावला. समरीचे कागद वाचायचे, फक्त मोजून लावायचे नाहीत.

निदान तसं ठरवलं होतं खरं.

आता पंचनाम्याबद्दल थोडं सांगायला हवं, कारण पुढची गोष्ट त्यावरच उभी आहे. मृतदेह सापडला की पोलीस दोन पंचांसमोर त्या जागेचं वर्णन लिहितात. हे पंच म्हणजे बहुधा जवळचा चहावाला आणि त्याच्याकडे उधारीवर बसलेला कुणीतरी. मृतदेह कसा होता, अंगावर काय होतं, आसपास काय सापडलं, हे सगळं त्यात येतं. आणि चतुःसीमा हवीच. म्हणजे त्या जागेच्या पूर्वेला काय, पश्चिमेला काय, दक्षिणेला आणि उत्तरेला काय. घराच्या खरेदीखतात असते तशी. माणूस मेला ती जागा पृथ्वीवर नक्की कुठे आहे, ते या चार ओळींनी ठरतं.

लिहिणारा असतो पोलीस ठाण्याचा रायटर. हे पद हवालदाराचं, पण ठाणं चालतं त्याच्या लेखणीवर. आमच्याकडे येणारे रायटर होते साळवी. रत्नागिरीकडचे, गोलमटोल, कपाळाला गंध, आणि गळ्यात देवाच्या लॉकेटशेजारी पेनड्राईव्ह. बदली झाली की माणसं सामान हलवतात, साळवी पेनड्राईव्ह हलवायचे. त्यात त्यांचे मसुदे होते. बुडालेला, भाजलेला, पडलेला, विजेचा धक्का लागलेला, सगळ्यांचे वेगवेगळे. नाव-गाव बदललं की पंचनामा तयार. “मॅडम, एकदम पॉलिश मराठी आहे बघा,” असं ते कौतुकाने म्हणायचे, आणि खरंच, त्यांच्या कागदात शुद्धलेखनाची चूक औषधालाही सापडायची नाही. मला ते आवडायचे. उन्हाळ्यात स्टाफसाठी घरच्या आमरसाचा डबा आणणारा रायटर मी दुसरा पाहिला नाही.

ते डोंबिवलीकडून ठाणे शहरातल्या खाडीकाठच्या एका पोलीस ठाण्यात आले आणि वर्षभरात पारूबाईंची फाईल माझ्या टेबलावर आली.

पारूबाई कोलशेतच्या. साठी उलटलेली, काटक बाई, नाकात मोठी नथनी, पातळ गुडघ्यापर्यंत कसलेलं. नवरा गोमा तरुणपणी मिठागरावर कामाला होता. मिठागर कधीच बंद पडलं, बाजूला बावीस मजली टॉवर उठले, पण खाडीच्या बांधावर जुनी उघाडी शिल्लक होती. उघाडी म्हणजे भरतीचं पाणी आत घ्यायला आणि सोडायला केलेलं फळीचं दार. आत घ्यायला मिठागरच उरलं नव्हतं, तरी गोमा रोज भरतीच्या वेळी जाऊन ती फळी उचलून यायचा. सवय. तिथे जायची वाट टॉवरच्या पत्र्याच्या कुंपणातून जायची आणि तिथल्या वॉचमनशी त्याचं एकदा कडाक्याचं भांडण झालं होतं. एका सकाळी गोमा गेला तो परत आला नाही. ओहोटी लागल्यावर उघाडीच्या खाली चिखलात सापडला.

पुतण्याने डोक्यात राख घातली. वॉचमननेच ढकलला, अशी फिर्याद लिहिली गेली आणि त्यावर पारूबाईचा अंगठा. पोलिसांनी तपास केला आणि ‘ब’ समरी पाठवली. फिर्याद खोटी; मयत दारूच्या नशेत तोल जाऊन पाण्यात पडला; मृतदेहाच्या तोंडास दारूचा उग्र वास; बांधावर एक रिकामा ग्लास.

नोटिशीवरून बाई कोर्टात आल्या. आमचे न्यायाधीश तरुण होते, चंद्रपूरकडचे, नुकतेच बदलून आलेले, अतिशय सभ्य. त्यांनी विचारलं, “आजी, पोलिसांचं म्हणणं तुम्हाला मान्य आहे का?”

“हाव,” पारूबाई म्हणाल्या. “वॉचमननं नाय ढकलला. त्यानंच तं चिखलान उतरून माज्या मानसाला वर काढला. पुतन्या बोलला, मी अंगठा दिला. माजी चूक.”

साहेबांनी सुटकेचा श्वास सोडला आणि पेन उचललं. तेवढ्यात बाईंनी पिंजऱ्याच्या कठड्यावर हात आपटला.

“पन दारू नाय पिला तो! ती येक लाईन खोरून टाक, सायेब. बाकी काय लिवायचा ते लिव.”

साहेबांचं पेन तसंच हवेत राहिलं. समरी मान्य करणारे पाहिले होते, विरोध करणारे पाहिले होते. समरी मान्य, फक्त एक वाक्य खोडा, असं म्हणणारं गिऱ्हाईक मी पहिल्यांदाच पाहत होते. असा काही आदेश करायची सोयच कायद्यात नव्हती. साहेबांनी दुपारनंतरची वेळ दिली.

मधल्या सुट्टीत बाई माझ्या टेबलाजवळ येऊन खाली फरशीवर बसल्या. मी म्हटलं, “आजी, एका ओळीने काय होतं? केस मिटतेय ना?”

त्यांनी मला जे सांगितलं ते अजून कानात आहे. गोमा पूर्वी प्यायचा. असातसा नाही, गावात प्रसिद्ध होता. पगार, भांडी, एकदा तर दाराची कडीसुद्धा त्याने गुत्त्यावर नेली. मग धाकट्या मुलीच्या लग्नाच्या मांडवात तो आडवा पडला आणि जावयाच्या बापाने त्याला उचलून बाहेर ठेवला. दुसऱ्या दिवसापासून बंद. “एकोनीस वरसं मी त्याला राखला, बाय. हळद आली, लगीन आला, कुनाचे घरान शिमगा झाला, मी त्याचे बाजूला बसलेली. त्याचा हात थरथर करायचा, मी धरून ठेवायची. आन् आता गाव बोलतंय, गेला शेवटी दारूनंच. पोलिसानं लिवलंय ना, मंग खराच आसल. माजी एकोनीस वरसं कुठं गेली मंग?”

मी त्यांना माझ्या डब्यातली पोळी-भाजी दिली, दुसरं काय करणार? त्या जेवत असताना मी फाईल उघडली. खरं सांगते, तोवर मी ती वाचलेली नव्हती. नुसती मोजून लावली होती. कानाला लावलेला खडा कधी गळून पडला होता कुणास ठाऊक.

पंचनाम्याच्या दुसऱ्या पानावर चतुःसीमा होती. पूर्वेस रेल्वेचे फाटक. पश्चिमेस जुन्या चाळीची भिंत. दक्षिणेस दत्ताच्या देवळाचा चौथरा. उत्तरेस भंगारवाल्याची टपरी.

मी ठाकुर्लीत राहते. लग्न होऊन आले तेव्हापासून. फाटक, त्यापलीकडे चाळीची भिंत, दत्ताचा चौथरा आणि ज्याच्याकडे मी रद्दी देते तो भंगारवाला. या चारांच्या मध्ये एक जुनी विहीर आहे, पूर्वी तिच्यात एकदा कुणी सापडलं होतं. माझ्या रोजच्या वाटेवरच्या चार खुणा, आणि त्यांच्या मधोमध पोलिसांनी कोलशेतचा गोमा झोपवला होता. कोलशेतला रेल्वे नाही. औषधालाही नाही. चंद्रपूरच्या माणसाला ते कळायचं कारण नव्हतं आणि ठाण्यातल्या वकिलांनी पंचनाम्याचं दुसरं पान वाचायची पद्धत नव्हती.

आणि मग माझी नजर खाली गेली. त्याच पानावर, त्याच परिच्छेदात, ‘तोंडास दारूचा उग्र वास’.

क्लार्कने प्रकरणात बोलायचं नसतं. पण कागदाला खुणेची चिठ्ठी लावायला कुणाची बंदी नाही. मी पिवळी चिठ्ठी लावली, त्यावर लिहिलं ‘चतुःसीमा पाहावी’, आणि फाईल चेंबरमध्ये नेऊन ठेवली. साहेबांनी वाचलं आणि त्यांना काही समजलं नाही. “मॅडम, यात काय आहे?”

“सर, हे फाटक माझ्या घराजवळचं आहे. कोलशेतच्या खाडीवर ते कधी गेलं, मला माहीत नाही.”

साहेब आधी खो-खो हसले. मग अचानक थांबले. “आणि सहा तास पाण्यात असलेल्या माणसाच्या तोंडाला दारूचा वास आला? हे तर मलाही दिसायला पाहिजे होतं.” व्हिसेऱ्याचा अहवाल, म्हणजे पोटातल्या नमुन्यांची प्रयोगशाळेतली तपासणी, फाईलमध्ये नव्हताच. ‘अहवाल प्राप्त होताच सादर करू’ एवढं लिहून समरी पुढे आली होती.

दुपारी साहेबांनी पारूबाईंना पिंजऱ्यात न बोलावता समोरच उभं केलं आणि शांतपणे समजावलं. “आजी, नीट ऐका. गैरसमजातून फिर्याद झाली म्हणून मी आजच ‘क’ समरी करू शकतो. तुम्ही सुटलात, कुणी तुम्हाला खोटं ठरवणार नाही. पण ती ओळ फायलीत राहील. मी पुन्हा तपास लावला, तर प्रयोगशाळेचा कागद मागवावा लागेल. आणि त्यात दारू निघाली, तर मग ती कायमची लागेल. कोर्टाचा शिक्का बसेल. तुम्ही त्या सकाळी त्यांच्यासोबत होतात का?”

“नाय. मी बाजारान गेलेली.”

“मग विचार करून सांगा.”

वरचा पंखा कुरकुरत होता. मी मनात म्हणत होते, बाई, घे ‘क’ आणि जा घरी. एकोणीस वर्षांत एखाद्या दिवशी माणूस घसरत नाही का? आणि नेमका हाच दिवस तो असला तर?

पारूबाईंनी पदर खांद्यावर घट्ट ओढला. “मागव कागूद,” त्या म्हणाल्या. “निंगाला तं निंगाला. पन मना म्हाईत हाय.”

साहेबांनी समरी परत पाठवली. जागेवर जाऊन नवा पंचनामा करा, वॉचमनचा जबाब पुन्हा घ्या, अहवाल जोडा. आदेश छोटा होता, पण त्यात ‘रेल्वेचे फाटक कोलशेतला कसे आले, याचाही खुलासा करावा’ असं एक वाक्य होतं आणि ते टाईप होऊन आल्यावर साळवींचा चेहरा गंधासारखा लाल झाला.

दुसऱ्या दिवशी ते माझ्या टेबलाशी आले. आमरसाचा डबा नव्हता. “मॅडम, त्या दिवशी तीन बॉड्या होत्या हो. फौजदार साहेब जागेवर गेलेले, मी ठाण्यातच लिहीत बसलेलो. त्यांनी फोनवर सांगितलं, पाण्यात सापडलाय, बाजूला ग्लास आहे. गावातनं कळलं की आधी प्यायचा. मी बुडालेल्याचा मसुदा उघडला. नाव बदललं, सीमा राहिली.”

“आणि वास?”

“वासपण त्यातलाच.”

“म्हणजे तो ठाकुर्लीच्या माणसाचा?”

साळवी खाली बघत म्हणाले, “नाय मॅडम. ठाकुर्लीचं पण मी आधीच्या रायटरच्या मसुद्यावरून केलेलं. सीमा तेवढी स्वतः जाऊन लिहिलेली.”

तो वास मुळात कुणाच्या तोंडचा होता, हे आजवर कुणालाही कळलेलं नाही. तो किती जणांना चिकटला, हेही कळणार नाही. त्यातले किती कागद माझ्या हातून मोजून लागले असतील, हा हिशोब मी टाळते. हसत हसत सांगायच्या गोष्टीत मला बोचतं ते एवढंच आहे.

पण साळवींनी या वेळी काम केलं, हे नमूद केलंच पाहिजे. पेनड्राईव्ह ड्रॉवरमध्ये टाकून ते स्वतः बांधावर गेले आणि गुडघाभर चिखलात उतरून हाताने पंचनामा लिहिला. पूर्वेस खाडी, पश्चिमेस टॉवरचे पत्र्याचे कुंपण, दक्षिणेस तिवरांची झाडी, उत्तरेस पडके मिठागर. अक्षर इतकं वाईट होतं की मला भिंग लागलं. इतका सुंदर पंचनामा मी त्याआधी वाचला नव्हता.

वॉचमनचं नाव रामआसरे. त्याच्या जबाबाने तर सगळ्यांची विकेट काढली. भांडण झालं होतं, खरं. पण आठवड्यात मिटलं, कारण गोमाने त्याला चिंबोऱ्या, म्हणजे खाडीतले खेकडे, आणून दिल्या आणि त्या साफ कशा करायच्या तेही शिकवलं. तेव्हापासून रोज सकाळी रामआसरे चहा करायचा. गोमा ग्लास घेऊन बांधावर जायचा, चहा पिऊन फळी उचलायचा आणि येताना ग्लास परत करायचा. “उस दिन चाचा गिलास वापस करने नहीं आये। इसीलिए तो मैं देखने गया।” फळी शेवाळलेली होती, पाय सरकला, डोकं दगडावर आपटलं. ज्या ग्लासने गोमाला दारुडा ठरवलं, तो ग्लास बिनसाखरेच्या चहाचा होता.

तरी प्रयोगशाळेचा कागद यायचा होता. त्याला तीन तारखा गेल्या. तिन्ही तारखांना पारूबाई अकराच्या आधी येऊन दाराशी बसत. कागद नाही म्हटलं की उठून चालू लागत. चौथ्या तारखेला लखोटा आला. तो मीच फोडला. आधी मी वाचलं. मग साहेबांकडे सरकवलं आणि डोंगरामागे तोंड लपवलं, कारण कोर्टात क्लार्कने रडायचं नसतं.

साहेबांनी ‘क’ समरी केली. आणि आदेशात, कायद्यात सोय होती की नव्हती देव जाणे, स्पष्ट लिहिलं की मयत दारूच्या नशेत होता हे पोलिसांचं विधान निराधार आहे आणि ते नोंदीतून वगळण्यात यावं. लाईन खोरून टाकली.

पारूबाईंनी नक्कल मागितली. शिक्क्याची. त्या अर्जात एक रकाना असतो, ‘नक्कल कशासाठी हवी’. लोक अपील लिहितात, विमा लिहितात. मी विचारलं, “आजी, काय लिहू?”

“लिव, गावान वाचून दाखवाला.”

मी तसंच लिहिलं. नक्कल शाखेतल्या माणसाने चष्म्यावरून दोनदा माझ्याकडे पाहिलं आणि शिक्का मारला.

गोमाच्या वर्षश्राद्धाला मला बोलावणं आलं. गेले. मांडव भरलेला होता. साळवी साध्या कपड्यात आले होते आणि पंगतीत वाढत होते. रामआसरेने तो स्टीलचा ग्लास घासूनपुसून चहा भरून फोटोपुढे ठेवला होता. गोमाबरोबर पूर्वी गुत्त्यावर बसणारे चार म्हातारे पुढच्याच सतरंजीवर होते. ‘गेला दारूनंच’ असं सगळ्यात आधी म्हणणारे तेच, हे मला पारूबाईंनी डोळ्यांनीच दाखवलं. मग त्यांनी नक्कल माझ्या हातात दिली.

“वाच, बाय.”

मी वाचलं. कोर्टाची भाषा रुक्ष असते, तिला चाल नसते. वाचून झाल्यावर पुढच्या चारांपैकी एकाने टोपी काढून मांडीवर ठेवली.

पारूबाईंनी मागे वळून पाहिलं. “मागं ऐकू नाय गेला. परत वाच. मोठ्यान.”

बत्तीस वर्षं कोर्टात पुकारा शिपायाने केला होता, मी कधी नाही. त्या दिवशी मी उभी राहिले, घसा साफ केला आणि खाडीपर्यंत जाईल अशा आवाजात पुकारलं:

“मयत गोमा याच्या व्हिसेऱ्यामध्ये मद्यार्काचा अंश आढळून आला नाही!”